सांतो स्तेफानोच्या दुपारी

बुधवार, १७ एप्रिल १९१२. तुरीन.

आले एकदाची! गाडीतून उतरले तेव्हा एका हातात ट्रंक, दुसऱ्या हातात आईने बांधून दिलेल्या तांदळाची पिशवी. ती पिशवी फलाटावरच उसवली. मी गुडघ्यावर बसून तांदूळ गोळा करतेय आणि भोवतीने टोप्या घातलेली मंडळी लगबगीने चाललीत. एका हमालाने विचारलं, बाई, इथे पेरणी करायचीय का? मी इतकी हसले की अर्धे तांदूळ तिथेच राहिले.

खोली छान आहे. तिसरा मजला, पुढे सगळ्यांची मिळून एक लांब लोखंडी गॅलरी, खाली चौक आणि चौकात नळ. खिडकीतून दोरा नदीचा एक तुकडा दिसतो. घरमालकीण मादामा पेत्रोनिल्ला विधवा आहे, अंगाने भरलेली आणि जिभेने सैल. खोली दाखवताना तिने बजावलं की माझ्या घरात पुरुष, मांजर आणि मासळी चालत नाही, त्यातलं मांजर एक वेळ चालवून घेईन.

उद्यापासून काम. सिनेमाच्या काचघरात मी अक्षरपाट्या लिहिणार. पडद्यावर माणसं मुक्याने ओठ हलवतात, मग मध्येच काळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत ती काय बोलली ते येतं. तेच माझं काम. लहानपणी मठातल्या सिस्टर माझ्या बोटांवर पट्टी मारत तेव्हा मी रडायचे. आज त्यांचे हात धरावेसे वाटतात. क्लेलिया रोन्दानोचं अक्षर आता मिलानपर्यंत वाचलं जाणार.

ही वहीही नवी घेतली. आईला लिहिता-वाचता येत नाही, आणि धाकटी देल्फीना तीन वर्षांपूर्वी तापाने गेली. सांगायला कोणी नाही, म्हणून इथेच सांगत जाईन.

शनिवार, २० एप्रिल

काचघर म्हणजे खरोखरच काचेचं घर. भिंती काचेच्या, छप्पर काचेचं. सूर्य असेल तोवर काम, ढग आला की सगळे विड्या ओढत बसतात. एका कोपऱ्यात रोमचा राजवाडा, त्याला टेकून न्हाव्याचं दुकान, मध्ये एक तुरुंग. सगळं कापडाचं. परवा मी राजवाड्याला टेकले तर आमचे दिग्दर्शक सिन्योर गारेल्ली केवढ्याने ओरडले, पोरी, रोम पाडशील!

सिन्योर गारेल्ली बुटके, लालबुंद आणि सतत घाईत. काल मी पाटीवर चांगलं सुंदर वाक्य लिहिलं होतं: ‘आता या जन्मी आपली गाठ पडणे नाही.’ त्यांनी पाहिलं आणि म्हणाले, हे वाचेपर्यंत आमचा नायक मरून, पुरून, प्रेक्षक घरी पोचतील. ‘निरोप घेतो’ लिही.

कॅमेरा फिरवतो तो सेकोन्दो. उंच, गंभीर, आस्ती गावाकडचा. हँडल एका वेगात फिरावं म्हणून तो तोंडातल्या तोंडात चर्चमधलं गाणं म्हणतो. मारामारी असो की मुका, सेकोन्दोचं आपलं ‘आवे मारिया’ चालूच.

आणि ओलिम्पिया. सगळ्या सिनेमांत रडणारी तीच. पडद्यावर देवी, बाहेर स्टोव्हवर लसणाचा रस्सा ढवळत बसलेली असते. मला ‘शाईबाई’ म्हणते. परवा माझ्या हाताचा पांढरा रंग बघून म्हणाली, शाईबाई, लग्न जमलं की काय, पांढरे हातमोजे घातलेत?

लग्नाचं नाव काढल्यावर मी हसले नाही. तिच्या ते लक्षात आलं असावं.

शुक्रवार, २६ एप्रिल

आज एक मोठी गोष्ट झाली. सिन्योर गारेल्ली सकाळपासून डोकं धरून बसले होते. वरून हुकूम आला होता, एका रिळाचं दुःखी नाटक हवं, दहा-बारा मिनिटांचं, आणि बायका रुमाल भिजवून बाहेर पडल्या पाहिजेत. त्यांनी सगळ्यांना विचारलं. सेकोन्दोने एका कुत्र्याची गोष्ट सांगितली, त्यात कुत्रा फारच शहाणा निघाला. मग मीच म्हणाले, मला एक माहीत आहे.

भातखाचरांच्या मुलखातलं घर. दोघी बहिणी. धाकटी शहरात मोलकरीण म्हणून जाते, फसते, पोटुशी होऊन परत येते. नाताळचा दुसरा दिवस, सांतो स्तेफानोचा सण, बाहेर बर्फ. त्याच दुपारी थोरलीच्या होणाऱ्या सासरची माणसं सोयरीक पक्की करायला जेवायला बसलेली. धाकटी दार वाजवते. थोरली घाबरते, पण शेवटी सगळ्यांसमोर उठून दार उघडते. धाकटी तिच्या मिठीतच प्राण सोडते.

सिन्योर गारेल्लींचे डोळे भरले. त्यांनी माझ्या दोन्ही गालांचे मुके घेतले आणि जागच्या जागी नाव ठेवलं: ‘धाकटी’. कुठे ऐकलीस, विचारलं. मी सांगितलं, भात निंदताना एका बाईने सांगितली होती.

खरंच तसंच. एका बाईने सांगितली होती.

गुरुवार, २ मे

आज तालीम होती. धाकटीचं काम ओलिम्पियाकडे. थोरलीसाठी जी आणली होती ती उंच, बांधेसूद, आवाज घोगरा. प्रसंग असा की दारावर थाप पडते, थोरली खिडकीशी जाते, पडदा सारून बाहेर बघते. ती बाई खिडकीशी गेली, पडदा खसकन ओढला, छातीवर हात आपटला आणि मागे झुकली. सिन्योर गारेल्ली म्हणाले वा. सेकोन्दो म्हणाला वा.

मी रंगाची वाटी हातात घेऊन उभी होते. माझ्या तोंडून निघून गेलं, असं नाही.

सगळ्यांनी वळून पाहिलं. ती बाई फणकारली, मग कसं ते दाखवा ना, लेखिकाबाई. मी वाटी खाली ठेवली. खिडकीशी गेले. पाठ जेवणाच्या टेबलाकडे, खांदे सैल, म्हणजे टेबलावरच्या कुणाला काही जाणवू नये. पडद्याची फक्त कड दोन बोटांत धरली. दोन बोटं मावतील एवढाच तो बाजूला केला. पाहिलं. सोडला. मग एप्रनला हात पुसले, जणू वाफेने पुसट झालेली काच पुसायला उठले होते, आणि येऊन खुर्चीवर बसले.

सेकोन्दोने टोपी काढली होती, का कुणास ठाऊक. सिन्योर गारेल्ली हळूच म्हणाले, हे काम तू करशील. मी नको नको म्हणत राहिले. ते ऐकेनात.

ओलिम्पिया माझ्याकडे एकटक बघत होती. आज तिने काही थट्टा केली नाही.

सोमवार, ६ मे

अंगाची काहिली झाली. मे महिन्याचं ऊन, वरून काच, आणि आम्ही लोकरीच्या कपड्यांत. बर्फ मिठाचा आणि कागदाच्या कपट्यांचा. ओलिम्पियाच्या भुवयांत मीठ, ते घामाने विरघळून डोळ्यांत जायचं, मग ती बर्फात उभी राहून अस्सल तुरिनी शिव्या घालायची.

खिडकीपलीकडे मोठं रंगवलेलं कापड टांगलं आहे: बर्फाचं शेत, पॉप्लरची झाडं, एक रस्ता. दारही कापडाचंच, लाकडी चौकटीवर ताणलेलं. ओलिम्पियाला ताकीद होती की हात नुसता उचल, टेकवू नकोस, भोक पडेल. पडद्यावर आवाज कुणाला ऐकू येणार आहे! सिन्योर गारेल्ली ‘थाप!’ म्हणून ओरडतील, तेव्हा मी दचकायचं.

सेकोन्दोचं गाणं सुरू झालं. मी ताटं वाढत होते. आणि सिन्योर गारेल्ली ओरडायच्या आधीच मी दचकले.

दोन थापा. थांबून एक.

जाड लाकडावर, उघड्या बोटांनी.

चांगलं झालं म्हणाले सगळे. मी ओलिम्पियाला विचारलं, तू दाराला हात लावलास का? तिने तळहात दाखवला. रंगाचा एक ठिपकासुद्धा नव्हता.

उन्हाने डोकं तापलं असेल. पुढे नीट पार पडलं. मी दार उघडलं, तिला मिठीत घेतलं, ती मेली. मी रडले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. टाळ्या ऐकून मला उलटी झाली.

मंगळवार, ७ मे

दुपारी अंधाऱ्या खोलीत कालची फीत पडद्यावर पाहिली. स्वतःला पहिल्यांदाच पाहिलं. मला वाटायचं माझा चेहरा साधाभोळा आहे.

खिडकीचा प्रसंग आला तसे सिन्योर गारेल्ली उठून उभे राहिले. पडद्यावर मी दोन बोटांनी कड बाजूला करते, आणि त्या फटीतून रंगवलेल्या रस्त्यावर, पॉप्लरच्या शेवटच्या झाडाशी, कुणीतरी उभं आहे. बोटाएवढी बाई. डोक्यावरून शाल.

रंगाऱ्याला बोलावलं. त्याने आईची शपथ घेतली की माणूस रंगवलेला नाही, माणसाचे वेगळे पैसे पडतात. सगळे हसले. जाऊन कापड पाहिलं. रस्ता रिकामा. मग ठरलं की कुणीतरी मागून चाललं असणार, परवा पुन्हा घेऊ.

फीत काळी-पांढरी आहे. तिच्यात शालीचा रंग कळत नाही.

पण ती तपकिरी आहे. काठाला एके ठिकाणी हिरव्या लोकरीने रफू केलेलं आहे.

गुरुवार, ९ मे

पुन्हा घेतलं. कापडामागे दोन माणसं पहाऱ्याला ठेवली होती. त्यांनी कुणाला पाहिलं नाही. थापा मी पुन्हा ऐकल्या, दोन आणि एक. संध्याकाळ व्हायच्या आत सेकोन्दोने फीत धुऊन पडद्यावर लावली.

ती आता रस्त्याच्या मध्यावर आहे. चालताना एक हात पोटाखाली धरलेला दिसतो.

सेकोन्दोने क्रूसाची खूण केली. सिन्योर गारेल्ली मात्र आनंदाने वेडे व्हायचे बाकी होते. म्हणाले, बघा कशी चालते! ही कोण, कुठली, कुणी आणली? शोधा तिला, पुढच्या चार सिनेमांत घेतो. मग माझ्याकडे वळले. तू तर खिडकीशीच होतीस, तुझ्यासमोरच ती असणार. ओळखतेस?

मी म्हणाले, नाही सिन्योर. मला कुणी दिसलं नाही.

खोलीत अंधार होता म्हणून बरं. कान इतके तापले होते की बाजूच्याला धग लागली असती. नाही म्हणण्याची ही माझी पहिली वेळ नाही.

शनिवार, ११ मे

ओलिम्पियाने आज मला कपड्यांच्या खोलीत गाठलं. बसवलं, रश्शाची वाटी पुढे केली. म्हणाली, खा आधी, भुतासारखी दिसतेयस. मग सरळच विचारलं. अगं, ती गोष्ट कुणाची गं? मी भातशेतातल्या बाईचं नाव घेतलं. ती म्हणाली, असेल. पण त्या बाईने शेवट खोटा सांगितला तुला. मी सोळा वर्षांची असताना पोट घेऊन मावशीच्या दारात उभी होते. मावशी घरात होती, चुलीचा धूर दिसत होता. बाई, अशा वेळी दार कुणी उघडत नाही. उघडलं असतं तर मी इथे मीठ खात उभी राहिले असते का?

ती हसली. मला हसता येईना. वाटीतला रस्सा माझ्या झग्यावर सांडला.

त्यानंतर ती थेट सिन्योर गारेल्लींकडे गेली. ते दहा मिनिटं कपाळ चोळत फेऱ्या मारत होते. शेवट बदलला. थोरली दार उघडणार नाही. पडदा सोडून परत टेबलाशी बसेल. सासू विचारेल, कोण होतं? त्यांनी मला विचारलं, मग थोरली काय म्हणेल?

मला वेळच लागला नाही. मी म्हणाले, ‘भिकारीण असेल कुणीतरी.’

सिन्योर गारेल्ली शहारले. म्हणाले, क्लेलिया, तुला देवाने देणगी दिली आहे.

ती अक्षरपाटीही मीच लिहिली. एकही अक्षर वाकडं आलं नाही. त्या सुबक अक्षरांचीच मला जास्त लाज वाटते.

सोमवार, १३ मे

आज घेतलं. करून दाखवलं. आता लिहिते. या वहीतही मी पहिल्या दिवसापासून खोटं लिहीत आले.

देल्फीना तापाने गेली नाही. १९०८ चा सांतो स्तेफानोचा दिवस. ज्याच्याशी माझं लग्न ठरत होतं तो शाळामास्तर फिरमिनो आणि त्याचे आईवडील आमच्याकडे जेवत होते. आई छातीच्या दुखण्याने वरच्या खोलीत पडून होती. फिरमिनोच्या आईने विचारलं होतं, धाकटी कुठे असते? मी सांगितलं होतं, तुरीनला मठात, सगळ्यांची लाडकी आहे.

तेवढ्यात बाराच्या घंटा झाल्या आणि दार वाजलं. दोन थापा, थांबून एक. लहानपणापासून ती तशीच वाजवायची.

मी उठले. दोन बोटांनी पडद्याची कड धरली. माझीच जुनी तपकिरी शाल, मी रफू केलेली. पोट सातव्या महिन्याचं. पायात शहरी पातळ बूट, बर्फाने भिजलेले. तिने मला पाहिलं. ती हसली. हे मी कुणालाच कधी सांगितलं नाही. ती घरी पोचल्यासारखी हसली.

मी पडदा सोडला.

फिरमिनोच्या आईने विचारलं, कोण होतं? मी म्हणाले, भिकारीण असेल कुणीतरी. आणि पानिस्साचं, आमच्याकडच्या घेवडा घातलेल्या भाताचं, पातेलं पुन्हा फिरवलं. तांदूळ थोडा लागला होता. फिरमिनोच्या वडिलांनी दुसऱ्यांदा घेतला.

दार आणखी एकदा वाजलं. मग नाही.

तिसऱ्या दिवशी ती कालव्याच्या जाळीला अडकलेली सापडली. सगळ्या गावाने पोट पाहिलं. सोयरीक मोडायची ती मोडलीच. लोक म्हणाले, बिचारी घरापर्यंतसुद्धा पोचली नाही. आईही तेच म्हणाली. मीही मान हलवली.

आणि आता तिचं मरण मी माझी कल्पना म्हणून विकून बसले आहे, वर त्यात स्वतःला दार उघडणारी केलं होतं.

मंगळवार, १४ मे

कालची फीत पाहिली.

ती खिडकीशी आहे. काचेला लागून. मी पडद्याची कड धरते तेव्हा तिचा चेहरा फटीत पूर्ण मावतो. शालीवर मीठ नाही, कागद नाही. थेंब आहेत.

तिचे ओठ हलत होते.

सेकोन्दोने फीत मागे घेऊन पुन्हा लावली. मुक्या नाटकांत उभं आयुष्य गेलेल्या ओलिम्पियाला ओठ वाचता येतात. ती पुटपुटली, ‘लेला, उघड.’ मग आमच्याकडे वळून विचारलं, लेला कोण?

मला लेला म्हणणारं या शहरात कुणी नाही. जगात दोघीच म्हणायच्या. एक आई.

सिन्योर गारेल्ली मला विचारू लागले, आणि मी तिसऱ्यांदा म्हणाले, माहीत नाही. ओलिम्पियाला कळलं. तिने तोंड फिरवलं. मावशीकडे पाठ करून ती अशीच निघाली असेल.

घरी येऊन आईला पत्र लिहिलं. सगळं. एक शब्द गाळला नाही. गावचे पाद्री एउसेब्यो वाचून दाखवतील, त्यांनाही कळेल, कळू दे. शेवटच्या टपालात टाकलं.

गुरुवार, १६ मे

दोन दिवस कामावर गेले नाही. मादामा पेत्रोनिल्लाला सांगितलं, ताप आहे. तिने कपाळाला हात लावला आणि म्हणाली, ताप कसला, तू तर गार पडलीयस.

आज बाराच्या घंटा झाल्या आणि माझ्या खोलीच्या दारावर —

दोन. एक.

बाहेर लख्ख ऊन होतं. गॅलरीत शेजारणी कपडे वाळत घालत मोठ्यांदा बोलत होत्या. कुणीच गप्प झालं नाही. कुणाला काही दिसलं नाही.

मी उघडलं नाही. भीतीने नाही उघडलं असं लिहिलं तर बरं दिसेल. पण भीती नंतर आली. आधी मनात आलं ते हे, की शेजारणी बघतील.

शनिवार, १८ मे

पाद्री एउसेब्यो यांचं पत्र. चार वेळा वाचलं.

बुधवारी त्यांनी माझं पत्र आईला वाचून दाखवलं. आई रडली नाही. म्हणाली, मला ठाऊक होतं. माझी खाट दाराच्या बरोबर वर होती. मी पोरीची थाप ओळखली. मी वाट पाहिली की लेला उठेल. लेला उठली नाही तेव्हा वाटलं, वरून हाक मारावी. पण खाली ते लोक बसले होते. एका पोरीचं तरी मार्गी लागेल, असं मनात आलं आणि मी पांघरूण डोक्यावरून घेतलं. तीन वर्षं रोज बाराला ती दार वाजवते. मला वाटायचं, मला एकटीलाच माहीत आहे. आता दोघींना माहीत आहे, तर मी उघडते.

पाद्रींना वाटलं, म्हातारी दुःखाने बरळते आहे.

गुरुवारी बाराला समोरच्या घरातल्या बाईने आईला दार उघडताना पाहिलं. आई उंबऱ्यात बाजूला सरली, कुणाला तरी आत घेतात तशी. स्वतःची शाल काढून हवेत पांघरली. मग ती बाहेर पडली, हात पुढे धरून, जणू कुणी तिला धरून नेतंय. कालव्याच्या वाटेने. त्या बाईने हाक मारली. आईने वळून हसून मान हलवली.

काल सकाळी सापडली. त्याच जाळीला.

सोमवारी माती आहे, ये म्हणून लिहिलं आहे. उद्या सकाळच्या गाडीने —

पांघरूण डोक्यावरून. मीही आज बाराला तेच करून पडले होते.

रविवार, १९ मे

सकाळी ट्रंक भरली. दाराशी गेले. दाराखालच्या फटीत सावली होती. चार पाय.

गाडी गेली.

सगळे प्रार्थनेला गेलेत. गॅलरीत कुणी नाही. लाज वाटायला आज कुणी नाही — तरी मी —

ऊन पलंगापर्यंत आलंय.

बाराच्या घंटा.

दोन. एक.

आणि लगेच दुसरा हात, जड, सावकाश. तो हात मला माहीत आहे. भाकरीच्या पिठाचा, सुईचा, माझ्या केसांचा —

दाराखालून पाणी येतंय. कालव्याच्या गाळाचा वास.

दार उघडायला हवं ते मला कळतंय. उघडलं की कुठे जायचं तेही. आई हसली म्हणे. देल्फीनाही हसली होती. मग इतकं अवघड काय —

पुन्हा. दोन. एक.

मी उठत नाही. लिहितेय. कळलं मला, लिहितेय म्हणजेच उठत नाही. मी फक्त पडदा बदलला, आता ही वही —

आई हाक मारतेय. त्या दिवशी मारली नाही ती. वरच्या खोलीतून मारायची तशी. लेला, बघ गं, कोण आलंय. लेला, उठ बाई, पोर गारठलीय.

हो आई.

खुर्ची मागे सारली. एवढी ओळ संपली की उठते, खरंच उठते, फक्त एवढी ओ